जॉर्ज नॉरिस: खेड्यांचे खासदार की मतदारांपासून तुटलेले नेते?

रानवाट:
अमेरिकन राजकारणाचा विषय निघाला की लिंकन, रूझवेल्ट, केनेडी ह्यांच्यापुढे आपली चर्चा जात नाही, म्हणून आज मुद्दाम नेब्रास्काच्या जॉर्ज नॉरिस ह्यांच्यावर लिहितोय. जन्म १८६१ चा, ओहायोतल्या शेतकरी घरात, १८६४ मध्ये वडील गेले आणि त्याच वर्षी थोरला भाऊ यादवी युद्धात कामी आला. लहानपण शेतावर राबण्यात गेलं. पुढे वकील झाले, नेब्रास्कात मॅककुक नावाच्या छोट्या गावात स्थायिक झाले, तिकडे न्यायाधीश होते, मग १९०३ पासून दहा वर्षं प्रतिनिधीगृहात आणि त्यानंतर १९४३ पर्यंत सिनेटमध्ये.

माझं मत स्पष्ट आहे, खेड्यातल्या माणसाच्या रोजच्या जगण्यात एवढा फरक दुसऱ्या कुठल्या अमेरिकन खासदाराने पाडला असेल असं मला वाटत नाही. १९३५ च्या सुमारास तिथल्या शहरांत बहुतेक घरी वीज होती आणि शेतावरच्या दहा घरांपैकी जेमतेम एका घरात. खासगी कंपन्यांचं म्हणणं एकच, घरं लांबलांब आहेत, तारा ओढणं परवडत नाही. म्हणजे बाईमाणसाने विहिरीतून पाणी काढायचं, हाताने धुणं धुवायचं, रात्री रॉकेलचा दिवा. नॉरिस आणि टेक्सासचे सॅम रेबर्न ह्यांनी १९३६ चा ग्रामीण विद्युतीकरण कायदा आणला, शेतकऱ्यांच्या सहकारी संस्थांना सरकारने कमी व्याजाने कर्ज दिलं आणि त्यांनी स्वतःच तारा ओढल्या. आणि अशा माणसाला १९४२ मध्ये, ८१ व्या वर्षी, त्याच शेतकऱ्यांनी पाडलं. हा मला सरळ सरळ कृतघ्नपणा वाटतो.

जुना वकील:
कृतघ्नपणा हा शब्द अजिबात पटला नाही. तुम्ही टेनेसी व्हॅली ऑथॉरिटीचा (टेनेसी नदीच्या खोऱ्यात धरणं बांधून वीज देणारी केंद्र सरकारची संस्था) उल्लेखच टाळलात, ते तर त्यांचं सगळ्यात मोठं काम मानतात. ती धरणं कुठे, नेब्रास्का कुठे? आणि ज्या धरणाला नॉरिस ह्यांचंच नाव दिलंय, क्लिंच नदीवरचं, १९३६ मध्ये पूर्ण झालेलं, त्यापायी तीनेक हजार कुटुंबं उठली. जमीनमालकाला पैसे मिळाले, बटाईने शेती करणाऱ्याच्या हातात काय पडलं? काही नाही. खेड्यांचा कैवारी म्हणताना ही खेडी पण मोजा ना.

रानवाट:
विस्थापितांचं दुःख मी नाकारत नाही, बटाईदारांवर अन्याय झालाच. पण टेनेसीच्या कामात नॉरिस उतरले कसे ते बघा. अलाबामात मसल शोल्सला पहिल्या महायुद्धात दारूगोळ्याच्या नायट्रेटसाठी सरकारी खर्चाने धरण सुरू झालं होतं, युद्ध संपल्यावर हेन्री फोर्डला ते स्वस्तात हवं होतं. नायट्रेट म्हणजे खत, म्हणून प्रस्ताव आला सिनेटच्या कृषी समितीकडे, आणि समितीचे अध्यक्ष होते नॉरिस. त्यांनी तो अडवला. पुढे नदी जनतेच्या मालकीची राहावी म्हणून त्यांनी आणलेली विधेयकं कूलिज आणि हूवर ह्या दोघांनी रोखली, दोघेही त्यांच्याच रिपब्लिकन पक्षाचे! शेवटी १९३३ मध्ये रूझवेल्टची सही झाली. दहा-बारा वर्षं एकच गोष्ट लावून धरणारा माणूस आहे हा.

प्रेअरी:
मी ओमाहात राहते म्हणून लिहिते. जुना वकील, नेब्रास्काला काय मिळालं असं विचारताय, तर इथे आजही घराघरात येणारी वीज सार्वजनिक संस्थांची किंवा सहकारी संस्थांची आहे, अख्ख्या राज्यात, आणि असं राज्य अमेरिकेत हे एकच आहे. नॉर्थ प्लॅट नदीवरच्या धरण-कालव्यांसाठी केंद्राचा पैसा आणण्यात पण नॉरिस होते. शिवाय आमचं एकसदनी विधिमंडळ, ते पण त्यांचंच, १९३४ ला लोकांनी मत देऊन मंजूर केलं आणि १९३७ पासून सुरू झालं, १३३ आमदारांचे ४३ झाले (आता ४९ आहेत). मतपत्रिकेवर पक्षाचं नाव नाही, प्रत्येक विधेयकाची जाहीर सुनावणी, कुणीही जाऊन बोलू शकतं.

तात्या:
दामोदर खोरे महामंडळ १९४८ मध्ये झालं ते ह्याच टेनेसीच्या नमुन्यावर, आराखडा करायला तिकडचेच इंजिनियर व्हूरडुइन आले होते. आपल्याकडे पण गावं उठलीच. त्यामुळे जुना वकील ह्यांच्या बाजूने मी. आणि एकच सभागृह असलं की चुकीचा कायदा अडवणार कोण? महाराष्ट्रात विधान परिषद आहे ती उगीच नाही.

प्रेअरी:
तात्या, नॉरिस ह्यांचा अनुभव उलटा होता. दोन सभागृहांचं जमलं नाही की मोजक्या लोकांची संयुक्त समिती बंद दाराआड बसून विधेयक बदलायची आणि कुणी काय केलं ते मतदाराला कळायचंच नाही. राग त्यावर होता. १९१० मध्ये प्रतिनिधीगृहाचे सभापती कॅनन ह्यांची मक्तेदारी नॉरिस ह्यांनी मोडली ती पण त्याच कारणाने, स्वतःच्या पक्षाचा सभापती असून. पक्षाने बदला किती घ्यावा, तर १९३० च्या प्राथमिक निवडणुकीत जॉर्ज नॉरिस नावाचाच एक किराणा दुकानदार उभा करायचा प्रयत्न झाला, मतदार गोंधळावेत म्हणून. अर्ज उशिरा पोचला म्हणून बाद झाला, नाहीतर निकाल काय लागला असता सांगता येत नाही.

जुना वकील:
हे सगळं मान्य, माणूस प्रामाणिक होता ह्याबद्दल वादच नाही. १९१७ मध्ये पहिल्या महायुद्धात उतरायच्या विरोधात मत देणारे फक्त सहा सिनेटर होते, त्यात ते होते, आणि त्याच्या थोडं आधी, व्यापारी जहाजांवर तोफा बसवायचं विधेयक अडवल्यावर, नेब्रास्काची राजधानी लिंकन इथे जाऊन लोकांसमोर उभे राहिले. मला तोच नॉरिस मोठा वाटतो. १९४२ चा नॉरिस मतदारसंघात प्रचाराला जवळजवळ फिरकलाच नाही. १९३६ ला अपक्ष झाल्यावर मागे संघटना नाही, शेतकरी दुष्काळातून नुकताच बाहेर आलेला, सरकारी नियंत्रणांवर चिडलेला, आणि हे वॉशिंग्टनला. मग मतदाराने रिपब्लिकन पक्षाचे केनेथ व्हेरी निवडले तर त्याला कृतघ्न कसं म्हणायचं?

रानवाट:
तिरंगी लढत होती हे विसरू नका. व्हेरींना पण निम्मी मतं मिळाली नव्हती, उरलेली नॉरिस आणि डेमोक्रॅट उमेदवारात वाटली गेली. आणि ऐन महायुद्ध चालू असताना सिनेट सोडून प्रचारात फिरणं त्यांना पटलं नाही, ह्यात मला तरी चूक दिसत नाही.