एक जूनवाले: पासपोर्टची जन्मतारीख

नाना, चोपडा
मंडळी, तहसीलातून नमुना १४ ची, म्हणजे गावच्या कोतवाल बुकातल्या जन्मनोंदीची, नक्कल आली, पुतण्याने व्हॉट्सॲपवर धाडली. १४ मे १९६७, बापाचं नाव, पुढे नुसतं 'मुलगा'. माझं नाव कुठेच नाही. शाळेच्या दाखल्यावर आणि पासपोर्टवर १ जून १९६६. गुरुवारी पासपोर्टवरची तारीख बदलायला इथे अमिरातीतल्या आपल्या भारतीय कॉन्सुलेटला जायचंय. चालेल का हे? पासपोर्टच्या कॅम्पला बापूंनी सांगितलं होतं की सोपं आहे.

बापू, अमळनेर
सोपं आहे असं मी म्हणालोच नव्हतो. छापताना पासपोर्टवाल्यांची चूक झाली असेल तर सोपं, एवढंच म्हणालो. तुमच्या फॉर्मवरच १ जून आहे, खाली तुमचीच सही. पासपोर्ट कायद्याचं कलम १२ वाचा: खोटी माहिती दिली तर दोन वर्षांपर्यंत कैद, पाच हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. खिडकीवर 'खरी तारीख हीच' असं घाईत लिहून देऊ नका. आणि कॅम्पचे प्रश्न समितीच्या मेलवर पाठवायचं ठरलंय, इथे नाही.

ताई, यावल
बापू, समितीचा मेल दिवाळीपासून कोणी उघडलाय का?
आमचा अर्धा वर्ग एक जूनचा होता, खरी तारीख माहीत नसली की शाळेत तीच लिहायचे. उजवा हात डोक्यावरून डाव्या कानाला टेकला की पहिलीत. माझा टेकेना, गुरुजींनी मान थोडी वाकवून टेकवला.

आबा, भुसावळ
ताई, माझा टेकला होता, तरी एक जूनच.
नाना, शाळेकडे जाऊ नका, शाळा सोडल्यावर उघड चूक असल्याशिवाय दाखला बदलत नाहीत. दिवाणी कोर्टात जन्मतारीख जाहीर करून मागण्याचा दावा, विशिष्ट दिलासा कायदा १९६३, कलम ३४. पण मी जे भोगलं ते ऐका. माझ्या वकिलाने पासपोर्टवाल्यांना प्रतिवादीच केलं नव्हतं. कलम ३५ प्रमाणे हुकूमनामा पक्षकारांनाच बांधतो. दीड वर्षाने कागद हातात आला आणि खिडकीवरच्या बाईने तो न वाचताच परत सरकवला. सरकारला पक्षकार करायचं तर आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस. मुखत्यारपत्र इथून कॉन्सुलेटमधून साक्षांकित करा, आणि ते तिकडे भारतात पोचल्यावर तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक भरा. हे कोणी सांगत नाही.

जिभाऊ, धुळे
एवढं कशाला? थेट हायकोर्टात रिट टाका. आपले खानदेशचे तिन्ही जिल्हे संभाजीनगर खंडपीठाकडेच.

आबा, भुसावळ
जिभाऊ, रिटमध्ये साक्षीदार उभे करून 'हा मुलगा कोण' ठरवत बसत नाहीत. उलट दिवाणी कोर्टात जा म्हणतील.

नाना, चोपडा
खरी गोची तीच आहे. आक्काला फोन केला. ती म्हणते, "तुना पहिले एक पोऱ्या व्हता, तो सव्वा महिनामा गया." आता नमुन्यातला मुलगा मी की तो?

ताई, यावल
कोतवाल बुकात मृत्यूही लिहीत. १४ मे पुढची दोन-तीन महिन्यांची पानं काढायला सांगा. त्यात मृत्यू नसेल तर मुलगा तुम्हीच, असं म्हणायला जागा आहे. पुढच्या दोन वर्षांत त्याच बापाच्या नावाने आणखी जन्म आहे का तेही बघा. आक्काला विचारा, तुमच्या जन्माच्या वेळी आखाजी (अक्षय्य तृतीया) जवळ होती का. १९६७ ची आखाजी मेच्या दुसऱ्या आठवड्यात होती.

बापू, अमळनेर
स्पष्टच विचारतो. १९६६ धरलं तर कंपनीत साठी जून २०२६ मध्ये. म्हणून का? नोकरीच्या शेवटी शेवटी तारीख बदलायला आलेल्यांकडे कोर्टं कशी बघतात ते आबांना विचारा. शिवाय रेसिडेन्सी आणि एमिरेट्स आयडीवरही तीच तारीख आहे, तीही बदलावी लागेल. आणि शनिवारच्या भरिताची वर्गणी कोणी कोणी भरली?

नाना, चोपडा
बापू, हो, साठीचंच कारण. धाकटीचं अजून एक वर्ष कॉलेज आहे. पण आक्काला मी ते सांगितलं नव्हतं, फक्त आखाजीचं विचारलं. म्हणाली, झोका बांधलेला होता आणि आई त्यावर बसायची नाही.
गुरुवारची अपॉइंटमेंट रद्द केली. पुतण्या सोमवारी पुढची पानं काढायला जातोय. भरिताचे पैसे ताईंकडे दिलेत.