पाव, सुरी, किल्ली

‘नुसता पाव आणि सुरी दाखवून भीती कशी वाटेल, घडत तर काहीच नाही’ हा आक्षेप मला पटला नाही. माया डेरेन आणि अलेक्झांडर हॅमिड यांचा १९४३ चा ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा लघुपट बघा. जेमतेम चौदा मिनिटांचा, त्यांच्या राहत्या घरातच चित्रित केलेला. टेबलावरच्या पावात सुरी खोचलेली असते आणि कुणी हात न लावता ती निसटून पडते. बस, इतकंच. पण त्या क्षणी पोटात खड्डा पडतो, कारण सुरी जागची हलली म्हणजे आधी कुणीतरी तिथे होतं किंवा अजूनही आहे. पुढे जिन्यावर जिथे फोनचा रिसीव्हर पडलेला दिसला होता, तिथेच ती सुरी दिसते. आणि किल्ली तर थेट नायिकेच्या तोंडातून बाहेर येते!

मला वाटतं, खरं काम पुनरावृत्ती करते. तीच पायरी, तोच दरवाजा, दर फेरीत किंचित वेगळा. आपण घरात वस्तूंकडे बघतच नाही, त्या जागच्या जागी आहेत हे गृहीत धरतो. कॅमेरा चमच्यावरसुद्धा गरजेपेक्षा चार सेकंद जास्त रेंगाळला की हे गृहीतक डळमळतं.

एक विनंती, तो आधी आवाज बंद करून बघा. मूळ चित्रपट मूकच होता, तेइजी इतो यांचं संगीत १९५९ मध्ये जोडलं गेलं. संगीत सुंदर आहे, पण त्या शांततेत सुरी जास्त टोचते.