एज : धार की कड?

तळ्याकाठचा (ठाणे)
मंडळी, मुलांच्या एका मासिकासाठी फिगर स्केटिंगच्या जागतिक स्पर्धेवर लेख मराठीत आणतोय. २०२५ ची, बॉस्टनला झालेली. इलिया मालिनिन आणि अलिसा लिऊ जिंकले ती. गाडं अडलंय 'एज'पाशी, म्हणजे स्केटच्या पात्याच्या एका बाजूला म्हणतात त्या शब्दापाशी. लुट्झ आणि फ्लिप या दोन्ही उड्या मागे सरकत, पात्याच्या पुढच्या दात्यांनी बर्फाला टोचून घेतात. नवख्याला सारख्याच दिसतात. फरक एवढाच, की लुट्झ बाहेरच्या एजवरून आणि फ्लिप आतल्या. मी 'बाहेरची धार' लिहिलं. संपादकांनी पेन्सिलीने 'कड?' केलंय. तुमचं काय मत?

विळीवाली (नौपाडा)
कड. माझ्या विळीला धार एकच. स्केटच्या पात्याचं तसं नाही. रुंदी जेमतेम चार मिलिमीटर, आणि त्यात खालून लांबीभर पन्हळ कोरलेली, त्यामुळे दोन बाजूंना दोन कडा उरतात. धार लावता येते, ती बोथट होते. तो गुण झाला. कड ही जागा. खेळाडू जागेवर उभी राहते, गुणावर नाही.

घणसोलीकर
नाही पटलं. कड म्हणजे काठ. 'बाहेरच्या कडेवरून उडी' वाचून आमचा पोरगा विचारेल, रिंकच्या कठड्यावर चढली कशी? आणि कडेवर आपण पोरं घेतो. त्या कडांनाही शेवटी धारच लावतात ना? मग धार म्हणायला काय होतं?

नेरूळची पालक
माझी मुलगी चाकांवर आर्टिस्टिक स्केटिंग शिकते. तिथे पातंच नाही, तर धार कुठली आणि कड कुठली! तरी सर तासभर 'आउटसाइड एज' करून ओरडत असतात. गुडघा वाकवून अंग बाहेर झुकवलं की भार बाहेरच्या चाकांवर जातो आणि वळण आपसूक गोल येतं, त्याला एज म्हणतात. 'आज माझा एजच लागत नव्हता,' असं ती घरी येऊन सांगते. मुलांनी शब्द पुल्लिंगी करून घरात घेतलासुद्धा, तुम्ही बसा उंबऱ्यावर भांडत.

शुद्धलेखक
मैदानात 'बॉल टाक' म्हणतात म्हणून छापताना 'चेंडू' मोडीत काढायचा का? 'कड' चांगला मुरलेला शब्द आहे. 'कड घेणे' म्हणजे बाजू घेणे. उडीआधी खेळाडू पात्याची एक बाजूच घेते की! याहून नेमकं काय हवं? आणि जाता जाता : 'ॲक्सल' नावाच्या उडीसाठीही परक्या शब्दाची गरज नाही. तो आपल्या 'अक्ष'चाच भाऊ. 'अक्षउडी' लिहा.

विळीवाली (नौपाडा)
काका, थांबा. ॲक्सल हा माणूस आहे. नॉर्वेचा ॲक्सल पाउलसेन. त्याने १८८२ मध्ये व्हिएन्नाला ती उडी मारली. गाडीच्या ॲक्सलचं आणि अक्षाचं नातं खरं, पण याचं नाव बायबलमधल्या ॲब्सॅलोमचं स्कॅन्डिनेव्हियन रूप. साल्को उडीचा साल्को स्वीडनचा, लुट्झ ऑस्ट्रियाचा, तीही माणसंच. उद्या कुलकर्ण्यांच्या नावाने उसळ निघाली तर तिला 'हिशेबउसळ' म्हणाल का?

शुद्धलेखक
बरं, माणूस तर माणूस. पण प्रमुख उड्यांत पुढे तोंड करून घेतलेली ही एकटीच, म्हणून तिच्यात अर्धा फेरा जास्त. मुलांना हे नावातच कळावं. 'सन्मुख उडी' का नको?

घणसोलीकर
मालिनिनने २०२२ मध्ये स्पर्धेत पहिल्यांदा चौपट ॲक्सल मारली, साडेचार फेऱ्यांची. तिला काय, चतुःसन्मुख? ब्रह्मदेव बर्फावर उतरल्यासारखं वाटेल.

तळ्याकाठचा (ठाणे)
अहो, एजवर या ना. ऐनवेळी पाय आत झुकला की लुट्झची फ्लिप होते. अशा उडीला स्केटिंगवाले 'फ्लुट्झ' म्हणतात, आणि निकालपत्रकात उडीपुढे 'ई' हे इंग्रजी अक्षर पडून गुण कापले जातात. 'कड चुकली' लिहून बघितलं, मजा येत नाही. 'धार चुकली' तर चाकूवाल्याची तक्रार वाटते.

विळीवाली (नौपाडा)
'आतल्या कडेवर कलंडली' लिहा. कलंडणं बरोबर तेच आहे.

घणसोलीकर
कलंडली झकास. कड अजूनही नाही.

कोपरखैरणे पूर्व
मध्येच शिरतो. जोडी प्रकाराला 'दुहेरी' लिहिलं नाहीत ना? हे बॅडमिंटन नव्हे. आइस डान्सलाही एक स्त्री, एक पुरुष असतात, मग दोन्हीकडे दुहेरीच होईल. जोडीत तो तिला डोक्यावर उचलतो, फेकून उडी मारायला लावतो. आइस डान्समध्ये ही दोन्ही कामं बंद.

शुद्धलेखक
एक 'युगुल', दुसरं 'युगुलनृत्य'. प्रश्न मिटला.

घणसोलीकर
युगुल तलावपाळीवर संध्याकाळी बसतं. ते उचलून फेकत नाहीत.

नेरूळची पालक
आणि मथळ्यात 'अजिंक्यपद' नको हं. दर वर्षी कुणीतरी जिंकतं, ते अजिंक्य कसलं?

शुद्धलेखक
क्रिकेटच्या बातमीत चालतं तेव्हा नाही कुणी हरकत घेत.

विळीवाली (नौपाडा)
मी घेते. 'विजेतेपद' आहे की सुटसुटीत.

घणसोलीकर
उलरिक साल्कोने जागतिक स्पर्धा दहा वेळा जिंकली. अजिंक्यपद त्याच्यापुरतं ठेवा.