माइक सुरू केला की पावलांची दिशा का कळत नाही?
ऑनलाइन गेममध्ये टीमशी बोलताना ओपन माइकमुळे (सतत चालू माइकमुळे) पंख्याची घरघर सगळ्या टीमला ऐकू जाते, म्हणून पुश-टू-टॉक ठेवा, म्हणजे बटण दाबल्यावरच माइक चालू होईल, हा सल्ला पटतो. पण ब्लूटूथ हेडसेट असेल तर तेवढ्यानं भागत नाही. हेडसेटचाच माइक निवडला की जोडणी सहसा हँड्सफ्री प्रोफाइलवर, म्हणजे फोन कॉलसाठीच्या ब्लूटूथ मोडवर उतरते: आवाज मोनो (दोन्ही कानांत एकच), सॅम्पलिंग (सेकंदाला आवाजाचे किती नमुने घेतले जातात ते) फक्त ८ किंवा १६ किलोहर्ट्झ. मग शत्रूची पावलं डावीकडून येतायत की उजवीकडून, काही पत्ता लागत नाही आणि लोक उगाच गेमला शिव्या घालत बसतात!

व्हॉइस सेटिंगमध्ये इनपुटला लॅपटॉपचा किंवा वायरचा माइक द्या, आउटपुट हेडसेटच राहू द्या. इनपुट 'डिफॉल्ट'वर सोडू नका, बऱ्याचदा परत हेडसेटचाच माइक पकडला जातो. पुश-टू-टॉकमध्ये शेवटचा शब्द तुटत असेल तर डिस्कॉर्ड या व्हॉइस चॅट अ‍ॅपमध्ये रिलीज डिले (बटण सोडल्यावर माइक किती वेळ चालू राहतो ते) २०० मिलिसेकंदांच्या आसपास ठेवून बघा.