नवे .२२ काडतूस: दोष काडतुसाचा की माझ्या चाचणीचा?

खाडीकाठ (रत्नागिरी)
नमस्कार. मी तीन वर्षे ५० मीटर प्रोन (पोटावर झोपून रायफल नेमबाजी) प्रकाराचा सराव करतो आहे आणि आजवर सेकंदाला साधारण ३३० मीटर वेगाचे .२२ (०.२२ इंच व्यासाचे) स्टँडर्ड काडतूस वापरत आलो. गेल्या रविवारी क्लबमधून ३८० मीटर वेगाच्या नव्या काडतुसांच्या प्रत्येकी ५० नगांच्या दोन डब्या मिळाल्या. सकाळी आठला जुन्या काडतुसाचे पाच-पाच गोळ्यांचे चार ग्रुप (कागदावरच्या छिद्रांचे पुंजके) घेतले, त्यांतला सर्वांत मोठा १८ मिलीमीटरचा होता. मग नळी स्वच्छ पुसली, चहा घेतला आणि पावणेअकराला नवे काडतूस सुरू केले. पहिलाच ग्रुप ३४ मिलीमीटरचा निघाला आणि बहुतेक गोळ्या उजवीकडे सरकल्या. चौथा ग्रुप मात्र २२ वर आला. मध्येच एकदा खटका पडूनही गोळी सुटली नाही. मी लगेच बोल्ट (नळी मागून बंद करणारा दांडा) उघडला, त्याबद्दल रेंज ऑफिसरांचे बोलणे खाल्ले, ते वेगळेच. आमची रेंज उत्तराभिमुख असून समुद्र डाव्या हाताला आहे. हे काडतूस बाद समजावे काय?

जुनानेम (अलिबाग)
इतक्यात नको. .२२ च्या शिशाच्या गोळीवर मेणाचा किंवा ग्रीसचा लेप असतो आणि तो नळीत बसल्यावरच नळी स्थिरावते. आपण नळी कोरडी केलीत आणि लगेच मोजायला बसलात, त्यामुळे पहिले दोन ग्रुप नळीच्या खाती जमा धरावेत. काडतूस बदलले की निदान २० गोळ्या मोजणीबाहेर झाडाव्यात, असा माझा नियम आहे.

न सुटलेल्या गोळीविषयी रेंज ऑफिसरांचे बरोबर होते. दारू उशिरा पेट घेऊ शकते, म्हणून नळीचे तोंड निशाणाकडेच ठेवून निदान ३० सेकंद थांबावे आणि मगच बोल्ट उघडावा. ते काडतूस जपून ठेवले असेल, तर त्याच्या कडेवर फायरिंग पिन (काडतुसावर आपटणारी टोकदार कांडी) आपटून पडलेली खूण पाहा. रिमफायर काडतुसात पेट घेणारे मिश्रण त्या पोकळ कडेत भरलेले असते. खूण खोल असेल, तर त्या जागी मिश्रण पोचले नसावे. उथळ असेल, तर आपल्या रायफलचा फायरिंग पिन मळलेला किंवा झिजलेला असावा. आपल्याकडच्या खाऱ्या हवेत जुने तेल घट्ट होऊन पिन मंदावलेला मी दोनदा पाहिला आहे.

मतलई (मालवण)
खरी चूक घड्याळात आहे. सकाळी आठला जमिनीवरून समुद्राकडे मतलई वारा वाहतो, तोही मंद. अकराच्या सुमारास खारा वारा सुरू होतो. उत्तरेकडे तोंड असेल, तर तो डावीकडून येतो आणि गोळ्या उजवीकडे नेतो, आपल्या कागदावर दिसते तसेच. म्हणजे आपण दोन काडतुसांची नव्हे, तर दोन वाऱ्यांची तुलना केलीत.

त्यातच एक गोष्ट अनेकांना उलटी वाटते: .२२ च्या बाबतीत वेगवान गोळी आडव्या वाऱ्यात जास्त सरकते. ती निशाणापर्यंत लवकर पोचते हे खरे. पण वाऱ्याने होणारा सरकाव एकूण वेळेवर नव्हे, तर हवेच्या विरोधामुळे वाया गेलेल्या वेळेवर ठरतो, आणि ध्वनीच्या वेगाच्या आसपास हा विरोध एकदम वाढतो. आपल्याकडच्या ३० अंशांच्या हवेत ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे ३४९ मीटर असतो. ३८० ने सुटलेली गोळी ५० मीटरपर्यंत नेमकी त्याच पट्ट्यात उतरते, तर आपली जुनी गोळी पहिल्यापासून त्याच्या खालीच राहते. स्पर्धेतले नेमबाज संथ काडतूस वापरतात, ते उगीच नव्हे. दोन्ही काडतुसे आलटून पालटून पाच-पाच झाडा, म्हणजे वारा दोघांनाही सारखाच लागेल.

जुनानेम (अलिबाग)
वाऱ्याचे पटले, आलटून पालटून झाडण्याचे पटले नाही. दर पाच गोळ्यांनी लेप बदलला, तर नळी कुठल्याच काडतुसाला स्थिरावणार नाही. त्यापेक्षा दोन वेगवेगळ्या सकाळी, पण घड्याळाच्या त्याच वेळेला, एकेक काडतूस घ्यावे. शिवाय पाच गोळ्यांच्या ग्रुपवर भिस्त ठेवू नये. दहाचा ग्रुप पुष्कळ खरे बोलतो. मोजपट्टी म्हणून एवढे ध्यानात असू द्या: निशाणावरचे दहा गुणांचे वर्तुळ १०.४ मिलीमीटर व्यासाचे आहे आणि ५.६ मिलीमीटरचे छिद्र रेषेला टेकले तरी दहा गुण मिळतात. म्हणून सर्व छिद्रांचे मध्य निशाणाच्या केंद्राभोवती १६ मिलीमीटर व्यासाच्या वर्तुळात राहिले, तर सगळे दहाच.

खाडीकाठ (रत्नागिरी)
दोघांचेही आभार. शनिवारी जुने आणि रविवारी नवे काडतूस, दोन्ही सकाळी साडेसातला, वारा दाखवणाऱ्या पताका जवळजवळ निपचित असताना झाडले. दोन्ही दिवशी आधी २० गोळ्या वाया घालवल्या आणि मग दहा-दहाचे दोन ग्रुप घेतले. जुन्याचे १६ आणि १७ आले, नव्याचे २१ आणि २०. उजवीकडचा कल पूर्ण नाहीसा झाला, त्यामुळे ३४ चा तो ग्रुप मुख्यतः माझाच होता. तरीही माझ्या नळीला जुनेच काडतूस मानवते, हेही स्पष्ट झाले. न सुटलेल्या काडतुसावरची खूण उथळ होती. बोल्ट उघडून पाहिला, तर पिनभोवती तेलाची तपकिरी चिकट साय धरली होती. ती काढल्यापासून एकही गोळी अडलेली नाही. उरलेली ३९ काडतुसे क्लबमध्ये परत जमा करून नोंदवहीत सही केली.