आपली पुणे–लोणावळा लोकल: म्हाताऱ्या डब्यांच्या आठवणी

तळेगावची_चिमणी
काल पिंपरीहून मेट्रोने सिव्हिल कोर्टाला निघाले होते. बसायला जागा, गारेगार डबा. दापोडीला नदी आली तेव्हा पलीकडे रेल्वेच्या पुलावर लोकल उभी दिसली. सिग्नल नसावा. दारात एक काका खांबाला पाठ टेकून शेंगा सोलत होते आणि टरफलं खाली सोडत होते, निवांत. त्या नादात सिव्हिल कोर्ट कधी गेलं कळलंच नाही. कसब्याला उतरून परत आले.

अकरावी ते एम. कॉम., सात वर्षं माझा तळेगाव–शिवाजीनगर पास होता. बाबा म्हणायचे, पुण्याची लोकल म्हणजे थोरल्या भावाचा शर्ट. मुंबईचा घालून झाला, कॉलर विरली, की आपल्याला. ही सेवा १९७८ च्या मार्चमध्ये सुरू झाली म्हणतात. पण खास पुण्यासाठी आलेली कोरी गाडी मी तरी कधी पाहिली नाही. एका डब्यात दारावर मुंबईचा नकाशा तसाच राहिला होता. कुर्ला, घाटकोपर, विक्रोळी. धाकटा भाऊ तेव्हा पाच वर्षांचा. प्रत्येक स्टेशनाला नकाशावर बोट ठेवून विचारायचा, हे कुठलं? बाबा गंभीर चेहऱ्याने सांगायचे, मुलुंड. पुढे कितीतरी दिवस तो घोरावाडीला मुलुंड म्हणत होता.

आणि पंखे! बटण दाबून काही होत नसे. जाळीतून कंगवा घालून पातं ढकलायचं, मग तो कुरकुरत सुरू व्हायचा.

तुमच्या पण लिहा ना.

कासारवाडीकर
कंगवा!!! माझे केस २००५ ला गेले, कंगवा २०१२ पर्यंत खिशात होता. फक्त पंख्यासाठी. बायकोला शेवटपर्यंत पटलं नाही.

नियम_म्हणजे_नियम
टरफलं नदीत? त्या काकांना कोणीतरी सांगायला हवं होतं.

तळेगावची_चिमणी
मेट्रोची काच उघडत नाही हो, नाहीतर सांगितलं असतं 😄

आठवारी_साडी
कुकर लावलाय, पटकन लिहिते. आमचा लेडीज डब्याचा ग्रुप होता, देहूरोड ते शिवाजीनगर. दसऱ्याच्या आदल्या दिवशी डबा सजवायचो. झेंडूची तोरणं कामशेतकडच्या बायका आणायच्या, दोरा आमचा. डबा इतका जुना की खिडकीच्या पत्र्याला कुठेही बोट लावा, गंज हाताला. एकीने पदराने पत्रा पुसून त्यावर हळदीकुंकवाची बोटं उमटवली. मोटरमनला पेढा द्यायला दोघी पळत पुढे गेल्या आणि तेवढ्यात गाडी सुटली. पेढे खडकीला दिले. म्हणजे उरलेले.
शिट्ट्या झाल्या, जाते.

रुळाशेजारी
मी रेल्वेत ३४ वर्षं काढली, आता निवृत्त. शर्टाची उपमा बरोबर आहे, पण थोडं सांगतो. आपल्या मार्गावर वीज आली ती १९३० च्या आसपास, १५०० व्होल्ट डीसी. दख्खनची राणी सुरू झाली तीही १९३० चीच. जुने रेक, म्हणजे डब्यांचे जोडलेले संच, त्या डीसीवर चालणारे. पुढे तारेत २५ हजार व्होल्ट एसी आली. मुंबईत हे काम टप्प्याटप्प्याने २०१६ पर्यंत चाललं, आपल्याकडे त्याआधीच उरकलं. नुसत्या डीसीवर चालणारी गाडी एसी तारेखाली उभी केली तर ती नुसता डबा आहे, हलणार नाही. त्यामुळे तुमची ती लाकडी पट्ट्यांची बाकं वयाने जेवढी गेली तेवढीच तार बदलली म्हणूनही गेली. लोकलच्या डब्याचं वय कागदावर २५ वर्षं धरतात. माणसासारखंच, कागद वेगळा, गुडघे वेगळे.
जुन्या गाडीची मोटर सुटताना घूंऽऽ करत चढायची. आमच्या क्वार्टरमध्ये भांडी थरथरायची. सौ. म्हणायची, पावणेसातची गेली, चहा टाका.

पोरगा_आकुर्डीचा
काका भारी माहिती 🙏 एक विचारू? लोकल लोणावळ्यालाच का थांबते? पुढे कर्जत तर इतकं जवळ.

रुळाशेजारी
घाट आहे ना बाळा. बोरघाटाचा चढ १ ला ३७, म्हणजे ३७ फूट पुढे गेलं की १ फूट वर. कर्जतहून वर येणाऱ्या गाड्यांना मागून बँकर इंजिनं लावून ढकलतात, पाहिली असशील. दर स्टेशनाला थांबत जाणाऱ्या लोकलचं ते काम नव्हे.

उरुळीचा_पाव्हणा
तुम्ही निदान जुन्या लोकलच्या आठवणी काढताय. आमच्या दौंड लाइनला लोकल म्हणून काय आलं? डेमू. मार्च २०१७. डोक्यावर विजेची तार नवीकोरी आणि खाली गाडी डिझेलची. मांजरी, लोणी, उरुळी, यवत, धूर खात जायचं. पांढरा शर्ट घालणं मी सोडून दिलं. आई विचारायची, गुऱ्हाळावर कामाला लागलास का.

कासारवाडीकर
गुऱ्हाळ 😂😂 पाव्हणं, काकवी पाठवा.

उरुळीचा_पाव्हणा
जानेवारीत या, पाठवतो कशाला, पाजतो.

भाजे_लेणी
दुपारचं कोणी लिहिलंच नाही! दुपारी तीन-साडेतीन तास लोकलच नसायची, रुळांचं काम चालायचं. आम्ही दोघं कॉलेजात असताना भाजे लेणी बघून मळवलीला आलो तर गाडी डोळ्यांसमोर सुटली. पुढची एकदम तिनानंतर. स्टेशनवर एक बाकडं, एक कुत्रा, समोर लोहगड. एवढा वेळ बोलायचं काय? शेवटी लग्नाचं बोललो. त्या ब्लॉकचे उपकार आहेत.

भाजे_लेणी_यांच्या_सौ
कुत्रे दोन होते. आणि वडापावचे पैसे मी दिले होते, ते अजून आलेले नाहीत.

आठवारी_साडी
आले परत. हे दोघं आमच्या डब्यात असते तर पेढे यांनाच दिले असते 😀

करवंद
वाचत होतो, लिहू की नको असं चाललं होतं.
माझी आई कामशेतहून खडकीला करवंदं, जांभळं घेऊन जायची. पाटी सीटखाली सरकवायची आणि त्यावर ओलं फडकं. उन्हाळ्यात डब्याचा पत्रा तापायचा, फडकं तासाभरात सुकायचं, म्हणून ती पाण्याची बाटली प्यायला नाही, फडक्यासाठी न्यायची. एकदा गाडी बंद पडली देहूरोडच्या अलीकडे. दोन तास. बाटली संपली. बाजूच्या अनोळखी पोरांनी आपापल्या बाटल्यांतलं पाणी फडक्यावर ओतलं. मी शेजारी बसून बघत होतो, दुसरीत असेन.
२०२० च्या मार्चमध्ये लोकल बंद झाली तेव्हा पाटी माळ्यावर ठेवली. गाड्या पुन्हा सुरू झाल्यावर मी तिला जाऊ दिलं नाही. आता ७४ ची आहे. घर रुळांजवळच आहे. लोकल गेली की विचारते, गर्दी होती का रे.

तळेगावची_चिमणी
दादा, काय लिहिलंत. आईंना नमस्कार सांगा. आम्ही त्या सीटखालच्या पाट्यांना पाय लागतो म्हणून कितीदा कुरकुर केलीय.

करवंद
सांगतो ताई. पाय लागला तर ती चिडायची नाही, पण जांभूळ चिरडलं तर मोजायची 😊

रुळाशेजारी
खडकीला पुलाच्या पायऱ्यांशी बसायच्या का? शेवटच्या पायरीवर?

करवंद
हो!! डाव्या बाजूला.

रुळाशेजारी
मग मी घेतली आहेत. मोजताना चार जास्त घालायच्या.

पोरगा_आकुर्डीचा
विषय वेगळा आहे, सॉरी. रविवारी मित्रांबरोबर भुशीला जायचंय, लोकलने. परतीला बसायला मिळेल का?

कासारवाडीकर
पावसाळ्यात? रविवारी? उभं राहायला मिळालं तरी घरी फोन करून सांग.

भाजे_लेणी_यांच्या_सौ
लवकर जा, दुपारच्या आत परत फिर. आणि छत्री नेऊ नकोस, दारात उलटी होते. चिकटवलेली चप्पल तर अजिबात नको.