मदत हवी आहे: विमानाच्या भाषेत ‘उंची’ किती प्रकारची असते?

नमस्कार मंडळी. मी साताऱ्याचा. भाची पायलटच्या लेखी परीक्षेचा अभ्यास करतेय आणि घरात इंग्रजी बरं म्हणून पुस्तक माझ्या गळ्यात पडलंय.

धावपट्टीचे आकडे जमले. ०९ म्हणजे विमानाचं तोंड ९० अंशांकडे, पूर्वेला. तीच पट्टी उलट बाजूने २७. भाचीने पोळपाटावर लाटणं फिरवून दाखवलं. ‘लाइन अप अँड वेट’ म्हणजे धावपट्टीवर येऊन थांबा, उडू नका. १९७७ मध्ये स्पेनच्या टेनेरिफ बेटावर धावपट्टीवर दोन जंबो विमानं धडकून ५८३ माणसं गेली. त्यानंतर ‘टेकऑफ’ हा शब्द फक्त प्रत्यक्ष परवानगी देताना किंवा ती रद्द करताना वापरायचा असं ठरलं. वाचून अंगावर काटा आला.

घोडं अडलंय ते उंचीपाशी. ‘हाइट’ जमिनीपासून, ‘अल्टिट्यूड’ समुद्रसपाटीपासून, इथवर ठीक. म्हणजे अजिंक्यताऱ्यावरून जाताना दोन्ही आकडे वेगळे. पण ‘फ्लाइट लेव्हल ३५०’ हे ३५,००० फूट म्हणे समुद्रसपाटीला हवेचा दाब १०१३ हेक्टोपास्कल धरून, कारण विमानातलं मीटर दाबावरून उंची काढतं. मग पावसाळ्यात हवेचा दाब उतरला की विमान खरोखर तेवढ्या उंचीवर नसणारच ना? माझा तर्क असा: सगळ्यांचं उंचीचं मीटर सारखंच चुकतं, म्हणून आपसातलं अंतर टिकतं. बरोबर आहे का? आणि मग उतरताना डोंगराचं काय, तिथला दाब नेमका कधी लावतात?

दुसरं, ‘क्लास जी’ नावाच्या प्रकारच्या आकाशात कंट्रोलरची (जमिनीवरून विमानांना सूचना देणाऱ्याची) परवानगी लागत नाही, तर विमानांना एकमेकांपासून लांब ठेवतं कोण?

कुणी हवाई दलातलं किंवा एटीसीतलं (विमान वाहतूक नियंत्रणातलं) असेल तर सोप्या मराठीत सांगा. रविवारी भाची परत येतेय, वही घेऊन.